स्पष्टोक्ती आणि आत्मपरीक्षण : संजय मांजरेकर यांचे समालोचन व 'इम्परफेक्ट' हे आत्मकथन

सारांश

माजी कसोटीपटू, दूरचित्रवाणी समालोचक आणि लेखक संजय मांजरेकर हे आपल्या स्पष्टोक्तीमुळे जितके ऐकले गेले, तितकेच वादग्रस्तही ठरले. प्रस्तुत लेखात त्यांचे २०१७ साली प्रसिद्ध झालेले 'इम्परफेक्ट' हे इंग्रजी आत्मकथन आणि २०१९ ते २०२१ या काळातील त्यांची गाजलेली विधाने यांचा एकत्रित विचार केला आहे. आत्मकथनात मांजरेकरांची टीका स्वतःपासून सुरू होते आणि कारणे देत पुढे जाते. समालोचनात तीच टीका अनेकदा कारणांवाचून, केवळ शेऱ्याच्या रूपाने श्रोत्यांपर्यंत पोहोचते. या दोहोंतील अंतर आणि टीकाकार व त्याला नेमणारी संस्था यांचे नाते तपासणे हा या लेखाचा हेतू आहे.

बीजशब्द : क्रीडासमालोचन, आत्मकथन, स्पष्टोक्ती, टीकेची नीती, टीकाकाराचे स्वातंत्र्य.

१. प्रास्ताविक

मराठीत क्रिकेटच्या प्रक्षेपणासाठी दोन शब्द रूढ आहेत. एक 'धावते वर्णन' आणि दुसरा 'समालोचन'. पहिल्या शब्दात मैदानावर जे घडते ते सांगणे अभिप्रेत आहे, तर दुसऱ्यात घडलेल्या गोष्टीचे सर्व बाजूंनी अवलोकन करून मत देणे अभिप्रेत आहे. आकाशवाणीच्या काळात श्रोत्याला चेंडू दिसत नव्हता. त्यामुळे वर्णनाला पर्याय नव्हता. दूरचित्रवाणीने वर्णनाची गरज जवळजवळ संपवली. प्रेक्षक जे स्वतःच पाहतो आहे ते त्याला पुन्हा सांगण्यात अर्थ उरला नाही. उरले ते समालोचन, म्हणजेच निवाडा. क्रीडासमालोचक हा आज मूलतः समीक्षक आहे, आणि साहित्यसमीक्षेला आपण जे प्रश्न विचारतो ते त्यालाही विचारणे रास्त आहे. त्याच्या मताला आधार काय? तोच निकष तो स्वतःला लावतो काय? आणि ज्याच्याविषयी बोलायचे त्याच्याच आश्रयाने त्याला बोलावे लागते काय?

हे प्रश्न ज्यांच्या बाबतीत अत्यंत ठळकपणे उभे राहतात, असे मराठी कुटुंबातील समालोचक म्हणजे संजय मांजरेकर होत. मराठी समीक्षेने क्रीडालेखनाकडे क्वचितच गांभीर्याने पाहिले आहे. खेळाडूंची आत्मचरित्रे ही चाहत्यांसाठी असतात, अशी एक सोयीस्कर समजूत आपल्याकडे आहे. 'इम्परफेक्ट' या पुस्तकाने ती समजूत तपासून पाहण्यास भाग पाडले आहे.

२. समालोचनाची पूर्वपीठिका

भारतातील क्रीडासमालोचनाच्या आरंभीच स्पष्टवक्तेपणाचा एक ठसठशीत नमुना आढळतो. मुंबईचे ए. एफ. एस. तथा बॉबी तल्यारखान यांनी १९३० च्या दशकात रेडिओवरून क्रिकेटचे वर्णन लोकप्रिय केले. दिवसभर ते एकटेच ध्वनिक्षेपकासमोर बसत. धर्मावर आधारलेल्या संघांच्या पंचरंगी स्पर्धेला त्यांनी जाहीर आणि कडवा विरोध केला. पुढे १९४८-४९ च्या वेस्ट इंडिजच्या दौऱ्याच्या सुमारास आकाशवाणीने समालोचकांचा गट नेमण्याचे ठरविले, तेव्हा इतरांबरोबर ध्वनिक्षेपक वाटून घेणे त्यांनी नाकारले आणि ते बाजूला झाले. त्यांच्या या निर्णयात तत्त्व किती आणि अहंकार किती, याविषयी मतभेद होऊ शकतात. परंतु नेमणूक करणाऱ्याच्या अटी आणि समालोचकाची स्वतंत्र वृत्ती यांच्यातील ताण किती जुना आहे हे त्यातून कळते.

मराठीत बाळ ज. पंडित यांच्या आवाजाने क्रिकेटचे वर्णन घरोघरी पोहोचले. 'पायचीत', 'यष्टिचीत', 'धावचीत' हे शब्द ग्रामीण महाराष्ट्राच्या ओठांवर रुळले त्यात आकाशवाणीचा आणि मराठी वृत्तपत्रांचा मोठा वाटा आहे. वि. वि. करमरकर यांनी 'महाराष्ट्र टाइम्स'मधून क्रीडापत्रकारितेला स्वतंत्र प्रतिष्ठा मिळवून दिली आणि क्रीडासंघटनांच्या कारभारावर टीका करणे हे क्रीडापत्रकाराचे कामच आहे हे दाखवून दिले. सुनील गावसकर यांनी १९७६ साली, खेळत असतानाच, 'सनी डेज' हे पुस्तक लिहून खेळाडू आपले मत निर्भीडपणे मांडू शकतो याचा पायंडा पाडला. मांजरेकर या परंपरेतील असले तरी त्यांचा विशेष वेगळा आहे. त्यांच्या पूर्वसुरींची स्पष्टोक्ती प्रामुख्याने इतरांविषयी होती. मांजरेकरांनी ती पुस्तकाच्या रूपाने स्वतःकडे वळवली.

३. जीवनपट : वारसा आणि कारकीर्द

संजय विजय मांजरेकर यांचा जन्म १२ जुलै १९६५ रोजी मंगळूर येथे झाला. क्रिकेट मात्र मुंबईचे. वडील विजय मांजरेकर (१९३१-१९८३) हे भारताचे नामवंत फलंदाज. त्यांनी ५५ कसोटी सामन्यांत ७ शतकांसह ३२०८ धावा केल्या. १९५२ साली लीड्स येथे अवघ्या विसाव्या वर्षी त्यांनी काढलेल्या १३३ धावा आजही आदराने आठवल्या जातात. एवढ्या धावांत त्यांचा एकही षटकार नाही, ही बाब त्यांच्या फलंदाजीच्या शास्त्रशुद्ध आणि जमिनीलगतच्या वळणाची साक्ष देते. विजय मांजरेकरांचे मामा-काकांच्या पिढीतील आप्त दत्ताराम हिंडलेकर हेही भारताचे कसोटी यष्टिरक्षक होते. म्हणजे संजय यांच्या वाट्याला आलेला वारसा दोन पिढ्यांचा होता.

१९८७ साली दिल्ली येथे वेस्ट इंडिजविरुद्ध संजय यांनी कसोटी पदार्पण केले. त्या सामन्यात विन्स्टन बेंजामिन यांच्या चेंडूने जखमी होऊन त्यांना मैदान सोडावे लागले. १९८९ साली ब्रिजटाऊनला वेस्ट इंडिजच्या वेगवान माऱ्यापुढे त्यांनी १०८ धावा केल्या. त्याच वर्षाच्या अखेरीस पाकिस्तानच्या दौऱ्यात इम्रान खान, वसीम अक्रम, वकार युनूस आणि अब्दुल कादिर यांच्या माऱ्याला तोंड देत त्यांनी चार कसोटींत ५६९ धावा जमविल्या. लाहोरच्या २१८ धावा हा त्या मालिकेचा कळस. सचिन तेंडुलकरांचे पदार्पण याच मालिकेत झाले. परंतु त्या वेळी भारतीय फलंदाजीचा भावी आधारस्तंभ म्हणून अनेकांची नजर चोवीस वर्षांच्या मांजरेकरांवर होती.

ती अपेक्षा पूर्ण झाली नाही. त्यानंतर त्यांच्या नावावर एकच कसोटी शतक लागले. १९९२ साली हरारे येथे झिम्बाब्वेविरुद्ध १०४ धावा करण्यासाठी त्यांनी चारशेहून अधिक चेंडू घेतले. १९९६ साली त्यांची कसोटी कारकीर्द संपली तेव्हा ३७ कसोटींत २०४३ धावा, सरासरी ३७.१४ आणि ४ शतके एवढी नोंद होती. ७४ एकदिवसीय सामन्यांत त्यांनी १९९४ धावा केल्या. ही कारकीर्द सामान्य नव्हती. परंतु लाहोरने दिलेले वचन तिने पाळले नाही. निवृत्तीनंतर ते समालोचनाकडे वळले आणि दोन दशकांहून अधिक काळ इंग्रजी समालोचनातील एक परिचित आवाज बनले. खेळाडू म्हणून जितकी वर्षे ते गाजले त्याहून कितीतरी अधिक वर्षे ते समालोचक म्हणून ऐकले गेले.

४. 'इम्परफेक्ट' : टीकेचा आरंभ स्वतःपासून

खेळाडूंच्या आत्मचरित्राचा एक ठरावीक साचा असतो. बालपणीचे कष्ट, गुरूची भेट, पहिले यश, मधला पडता काळ, पुनरागमन आणि कृतज्ञता अशा टप्प्यांनी ते पुढे सरकते. 'इम्परफेक्ट' या साच्यात बसत नाही, कारण त्यात पुनरागमन नाही. शीर्षकच अपुरेपणाची कबुली देते. आपण महान का झालो हे सांगणारी पुस्तके पुष्कळ आहेत. आपण महान का झालो नाही याची मीमांसा करणारे पुस्तक विरळा.

या मीमांसेची सुरुवात वडिलांपासून होते. मराठी आत्मकथनांत पित्याचे चित्र बहुधा आदराच्या वलयात येते. मांजरेकर मात्र वडिलांविषयी लिहिताना आपल्या मनात प्रेमापेक्षा भीती अधिक होती हे लपवीत नाहीत. थोर फलंदाज असलेला, निवृत्तीनंतर वैफल्याने ग्रासलेला, संतापी मनुष्य त्यांच्या लेखनातून समोर येतो. त्यांच्या काळी क्रिकेट खेळून घर चालत नव्हते, ही सामाजिक वस्तुस्थिती या वैफल्यामागे आहे. येथे लेखक वडिलांवर आरोपपत्र ठेवीत नाही आणि त्यांना निर्दोषही ठरवीत नाही. वडील गेले तेव्हा संजय अठरा वर्षांचे होते. ज्याच्याशी प्रौढपणी बोलणे कधी झालेच नाही अशा माणसाला समजून घेण्याचा हा प्रयत्न आहे, आणि पुस्तकातील हाच भाग वाङ्मयीन दृष्ट्या सर्वांत सकस आहे.

दुसरे सूत्र तंत्राच्या वेडाचे आहे. आपण धावा करण्यापेक्षा निर्दोष खेळण्याच्या मागे लागलो, असे निदान मांजरेकर स्वतःच करतात. चांगली खेळी झाल्यावरही पाय कोठे पडला, बॅट कशी आली याचाच विचार मनात राहिला आणि फलंदाजीचा मूळ हेतू दुरावत गेला. मुंबईच्या क्रिकेटने 'खडूस' या शब्दाला जो गौरव दिला, त्यात बाद न होण्याच्या हट्टाला मोठे स्थान आहे. मांजरेकर या संस्काराचे ऋण मान्य करतात. परंतु तोच संस्कार अतिरेकाला गेला की खेळाडूला आतून कसा जखडतो हेही दाखवितात. हरारेचे शतक या निदानाचा पुरावा म्हणून वाचता येते. धावफलकावर ते यश आहे, खेळाडूच्या मनाचा आलेख म्हणून मात्र ते काही वेगळेच सांगते.

तिसरे सूत्र संघाच्या अंतर्गत जीवनाचे आहे. १९९० च्या दशकातील भारतीय संघात ज्येष्ठ-कनिष्ठ अशी उतरंड, परदेशात खेळताना येणारी न्यूनगंडाची भावना आणि सांघिकतेपेक्षा वैयक्तिक स्थान टिकविण्याची धडपड यांचे चित्र ते रेखाटतात. याउलट पाकिस्तानच्या खेळाडूंमधील, विशेषतः इम्रान खान यांच्यामधील, आत्मविश्वासाविषयी ते मोकळेपणाने आदर व्यक्त करतात. प्रतिस्पर्ध्याची मनापासून प्रशंसा आणि स्वतःच्या संघाची चिकित्सा हे दोन्ही एकाच पुस्तकात येणे, आपल्याकडील क्रीडालेखनात सहज आढळणारे नाही.

स्वतःला असे कठोरपणे न्याहाळण्याची परंपरा मराठी आत्मकथनाला अपरिचित नाही. दया पवार यांच्या 'बलुतं' (१९७८) मध्ये निवेदक आपल्याच दुसऱ्या रूपाशी बोलतो आणि त्याला प्रश्न विचारतो. दोन्ही पुस्तकांतील जीवनानुभव, सामाजिक स्तर आणि वेदनेची जात यांत तुलना करण्याचे कारण नाही. सुप्रतिष्ठित क्रिकेट घराण्यातील खेळाडूचे अपयश आणि जातिव्यवस्थेने लादलेले जगणे या सर्वस्वी भिन्न गोष्टी होत. मुद्दा एवढाच की, मराठी वाचकाला स्वतःला न वाचविणाऱ्या निवेदकाची ओळख आहे, आणि म्हणून 'इम्परफेक्ट'चे मोल तो अधिक नेमकेपणाने जाणू शकतो.

पुस्तकाला मर्यादाही आहेत. काही प्रकरणे समकालीन खेळाडूंच्या व्यक्तिचित्रांवर रेंगाळतात आणि तेथे आत्मशोधाचा ताण सैल होतो. समालोचनाच्या व्यवसायातील बंधनांविषयी लेखक जितके खोलात जाऊ शकला असता तितका जात नाही. स्वतःविषयी इतके निर्भय असलेले हे लेखन आपल्या व्यवसायाच्या अर्थकारणापाशी येऊन संयमी होते, ही बाब पुढील घटनांच्या संदर्भात लक्षणीय आहे.

५. २०१९ : दोन विधाने, एकच युक्तिवाद

२०१९ च्या विश्वचषक स्पर्धेदरम्यान मांजरेकर यांनी रवींद्र जडेजा यांच्याविषयी केलेले विधान सर्वत्र गाजले. थोडे हे, थोडे ते करणारे खेळाडू आपल्याला विशेष पसंत नाहीत, असा त्याचा आशय होता. मूळ विधानाला दोन मर्यादा जोडलेल्या होत्या. एक, ते पन्नास षटकांच्या क्रिकेटपुरते आणि कारकिर्दीच्या त्या टप्प्यापुरते होते. दुसरी, कसोटीत जडेजा हे पूर्ण गोलंदाज आहेत हे त्यातच मान्य केले होते. त्यांच्या जागी एक खास फलंदाज किंवा एक फिरकी गोलंदाज घ्यावा, हे मत चूक असेल. पण ते मत होते आणि त्याला कारण होते.

प्रसारात मात्र मर्यादा गळाल्या, कारण गळाले, आणि उरला तो तीन शब्दांचा इंग्रजी शेरा. अक्कलकुव्यासारख्या ठिकाणी, जेथे विद्यार्थ्यांच्या कानांवर भिली बोली, अहिराणी, गुजराती, उर्दू आणि मराठी एकाच दिवसात पडतात, तेथे इंग्रजी समालोचनाचा मूळ संदर्भ फारसा पोहोचत नाही. पोहोचतो तो भ्रमणध्वनीवरील तुकडा किंवा वृत्तपत्रातील अनुवादित मथळा. तो शेरा ठाऊक असलेले विद्यार्थी पुष्कळ, त्यामागचे संपूर्ण वाक्य ठाऊक असलेला विद्यार्थी विरळा. शेऱ्याला प्रवासाला वेळ लागत नाही. कारणे मागेच राहतात. हा केवळ माध्यमांचा दोष म्हणता येणार नाही. अनुभवी समालोचकाने आपले कोणते शब्द सुटे होऊन फिरतील याचे भान ठेवणे त्याच्या कामाचाच भाग आहे.

जडेजा यांनी समाजमाध्यमावरून संतप्त उत्तर दिले. आपण तुमच्यापेक्षा दुप्पट सामने खेळलो आहोत आणि अजूनही खेळत आहोत, हा त्या उत्तराचा गाभा होता. त्यानंतर काही दिवसांतच, १० जुलै २०१९ रोजी, मँचेस्टर येथे न्यूझीलंडविरुद्धच्या उपांत्य सामन्यात भारताची आघाडीची फळी कोसळली असता जडेजा यांनी ५९ चेंडूंत ७७ धावा काढल्या. भारत १८ धावांनी हरला. परंतु मांजरेकरांचे मत त्या दिवशी सर्वांसमक्ष खोटे ठरले. त्यांनीही आपली चूक मोकळेपणाने मान्य केली.

त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये कोलकाता येथे भारत-बांगलादेश यांच्यात गुलाबी चेंडूची कसोटी झाली. चेंडू नीट दिसतो की नाही हे खेळाडूंना विचारले पाहिजे, असे सहसमालोचक हर्षा भोगले यांनी सुचविले. त्यावर, आम्ही खेळलेल्यांना ते कळते, विचारण्याची गरज तुम्हाला आहे, अशा आशयाचे उत्तर मांजरेकरांनी थेट प्रक्षेपणात दिले. या वर्तनाबद्दलही त्यांनी नंतर जाहीरपणे खेद व्यक्त केला.

या दोन घटनांची चर्चा सामान्यतः स्वतंत्रपणे आणि शिष्टाचाराच्या अंगाने झाली. त्या शेजारी ठेवून पाहिल्या की एक वेगळीच गोष्ट ध्यानात येते. जुलैमध्ये जडेजांनी मांजरेकरांना जे सांगितले तेच नोव्हेंबरमध्ये मांजरेकरांनी भोगले यांना सांगितले. जो अधिक खेळला त्यालाच बोलण्याचा अधिकार, हा तो युक्तिवाद होय. तो मान्य केला तर समीक्षा नावाची गोष्टच संभवत नाही. कादंबरीवर फक्त कादंबरीकाराने, आणि तेही अधिक कादंबऱ्या लिहिणाऱ्याने बोलावे लागेल. अनुभवाने दृष्टी मिळते हे खरे. परंतु अनुभव हा मताच्या बाजूने ठेवायचा पुरावा असतो, समोरच्याला गप्प करण्याचा परवाना नव्हे. ज्या शस्त्राने आपण घायाळ झालो तेच शस्त्र चार महिन्यांत आपण उचलावे, ही मांजरेकरांच्या समालोचनातील सर्वांत मोठी विसंगती होय.

दुसरी विसंगती अधिक सूक्ष्म आहे. थोडे हे आणि थोडे ते करणाऱ्यापेक्षा एकाच अंगात निष्णात असलेला खेळाडू बरा, या पसंतीमागे शुद्ध कौशल्याचा आग्रह आहे. हाच तो आग्रह, ज्याने आपली कारकीर्द जखडली असे निदान मांजरेकरांनी दोन वर्षे आधी 'इम्परफेक्ट'मध्ये केले होते. जडेजांची मँचेस्टरची खेळी ही तंत्राच्या शुद्धतेची नव्हे, प्रसंगाला उपयोगी पडण्याची खेळी होती. पुस्तकातील मांजरेकरांनी समालोचन कक्षातील मांजरेकरांना इशारा देऊन ठेवला होता; तो ऐकला गेला नाही. लेखनात गवसलेले शहाणपण बोलण्यात उतरायला किती वेळ लागतो, याचे हे उदाहरण आहे.

६. टीकाकार आणि त्याला नेमणारी संस्था

मार्च २०२० मध्ये भारत-दक्षिण आफ्रिका मालिकेच्या वेळी मांजरेकर भारतीय क्रिकेट नियामक मंडळाच्या समालोचकांच्या यादीत नसल्याचे स्पष्ट झाले. मंडळाने सविस्तर कारण जाहीर केले नाही. समालोचन हा आपण सन्मान मानतो, हक्क नव्हे. ठेवायचे की नाही हे नेमणाऱ्यांनी ठरवायचे आहे, अशी प्रतिक्रिया मांजरेकरांनी दिली. त्याच वर्षी जुलैमध्ये त्यांनी मंडळाला पत्र लिहून आपल्याला पुन्हा घ्यावे अशी विनंती केली आणि मंडळाच्या मार्गदर्शक तत्त्वांनुसार काम करण्याची तयारी दर्शविली, असे वृत्तपत्रांतून प्रसिद्ध झाले. त्या वर्षीच्या आयपीएलच्या यादीत त्यांचा समावेश झाला नाही. पुढे अन्य प्रक्षेपकांच्या माध्यमातून ते समालोचनात परतले.

ही घटना एकाकी नव्हती. २०१३ साली ऑस्ट्रेलियाचे इयान चॅपेल यांनी, काही विषयांवर बोलण्यास बंधन असल्याचे कळल्यावर, भारतातील मालिकेचे समालोचन करण्यास नकार दिला होता. २०१६ साली आयपीएलच्या तोंडावर हर्षा भोगले यांना वगळण्यात आले. त्यांनाही अधिकृत कारण समजले नाही. त्यापूर्वी भारतीय समालोचक भारतीय खेळाडूंविषयी पुरेसे बोलत नाहीत, अशी तक्रार समाजमाध्यमांवर गाजली होती. सामन्याच्या प्रक्षेपणाची निर्मिती ज्या संस्थेच्या हाती, समालोचकाची नेमणूकही तिच्याच हाती आणि खेळाडूंचा करारही तिच्याशीच, अशा व्यवस्थेत समालोचकाने संघनिवड, नियम किंवा कारभार यांवर बोलणे म्हणजे आपल्या पोशिंद्याचीच समीक्षा करणे ठरते.

येथे दोन गोष्टी वेगळ्या ठेवल्या पाहिजेत. मांजरेकरांची काही विधाने चुकीची किंवा अशिष्ट होती, हे मान्यच आहे. त्यांचे खंडन खेळाडू, सहकारी, श्रोते आणि प्रत्यक्ष खेळ यांनी केले, आणि ते खंडन परिणामकारकही ठरले. मतावरचा इलाज दुसरे मत हाच होय. मात्र कारण न देता नेमणूक थांबविणे हा मताचा प्रतिवाद नव्हे. त्याने चुकीचे मत दुरुस्त होत नाही; उरलेले सर्व समालोचक फक्त सावध होतात. वगळलेल्या एकाच्या मौनापेक्षा टिकलेल्या दहांची सावध वाणी श्रोत्याचे अधिक नुकसान करते, कारण ते नुकसान ऐकू येत नाही.

मांजरेकरांचे जुलै २०२० चे पत्र काही टीकाकारांना शरणागती वाटले. प्रस्तुत लेखकाला त्याकडे एवढ्या सोप्या रीतीने पाहता येत नाही. महाविद्यालयीन प्राध्यापकवर्गाला ही परिस्थिती अनोळखी नाही. तासिका तत्त्वावर काम करणारा अध्यापक विभागाच्या कारभाराविषयी सभेत किती बोलतो, आणि दर वर्षी नव्याने होणाऱ्या नेमणुकीचा त्याच्या मौनाशी काय संबंध असतो, हे आपण जाणतो. शोधपत्रिकेतील तज्ज्ञ-परीक्षकाचे नाव आपण गुप्त ठेवतो ते एवढ्यासाठीच, की त्याला निर्भयपणे मत देता यावे. समालोचकाला हे आवरण नसते. त्याचा आवाज हीच त्याची ओळख असते. निर्भयता ही व्यक्तीच्या स्वभावाची बाब मानून तिची स्तुती किंवा निंदा करणे सोपे आहे. ती टिकविणारी व्यवस्था उभारणे हे खरे काम होय. आगरकरांनी १८८८ साली 'सुधारक' काढला तो केसरीत राहून मनासारखे लिहिता येईना म्हणून. स्वतःचे पत्र काढण्याचा तो मार्ग आजच्या समालोचकाला उपलब्ध नाही, कारण सामन्याचे दृश्यच दुसऱ्याच्या मालकीचे आहे.

७. एक आक्षेप आणि त्याचा विचार

मांजरेकर हे वाद निर्माण करण्यासाठीच बोलतात, असा आक्षेप घेतला जातो. याचा विचार करताना २०२१ मधील रविचंद्रन अश्विन यांच्याविषयीचे विधान उपयोगी पडते. अश्विन यांना सार्वकालिक श्रेष्ठ म्हणण्यास आपला आक्षेप आहे, असे मांजरेकर म्हणाले, आणि दक्षिण आफ्रिका, इंग्लंड, न्यूझीलंड व ऑस्ट्रेलिया या देशांत त्यांनी डावात पाच बळी घेतलेले नाहीत हे कारण त्यांनी दिले. चाहते संतापले, स्वतः अश्विन यांनी विनोदाने उत्तर दिले. परंतु हे विधान जडेजांविषयीच्या शेऱ्यापेक्षा निश्चितच श्रेष्ठ दर्जाचे होते, कारण त्यात निकष सांगितला होता आणि तो तपासता येत होता. अश्विन यांनी २०२४ साली ५३७ कसोटी बळींसह निवृत्ती घेतली, तोवर त्या चार देशांतील ती नोंद बदलली नाही.

निकष तपासता येतो म्हणूनच त्यावर वादही घालता येतो. फिरकी गोलंदाजाला त्या देशांत किती सामने आणि कशा खेळपट्ट्या मिळाल्या? मायदेशातील विजयांचे मोल कमी का धरावे? डावात पाच बळी हीच श्रेष्ठत्वाची कसोटी का? असे प्रश्न विचारून मांजरेकरांचे मत नाकारणे शक्य आहे. आणि नाकारता येण्याजोगे मत हेच समीक्षेचे मत असते. वादासाठी बोलणाऱ्याला निकष देण्याची गरज भासत नाही. म्हणून हा आक्षेप सरसकट स्वीकारता येत नाही. मांजरेकरांच्या समालोचनात दोन्ही प्रकार आढळतात, आणि अभ्यासकाचे काम ते वेगळे करणे हे आहे.

या कामात एक मोठी अडचण आहे. मुद्रित लेखन जतन होते. समालोचन हवेत विरते. तासन्‌तासांच्या बोलण्यातून वादाचे काही क्षण तेवढे स्मरणात राहतात आणि खेळपट्टी, क्षेत्ररचना, फलंदाजाचे तंत्र यांवरील उत्तम विवेचन विस्मृतीत जाते. मांजरेकरांची खरी ताकद या तांत्रिक विवेचनात आहे, असे त्यांचे नियमित श्रोते मानतात. २०२३ पासून आयपीएलचे डिजिटल प्रक्षेपण मराठीतही उपलब्ध झाले. मराठी समालोचनाची भाषा आता नव्याने घडत असताना तिचे दस्तऐवजीकरण आणि अभ्यास भाषाविभागांनी हाती घेणे आवश्यक आहे.

८. निष्कर्ष

संजय मांजरेकर यांचे 'इम्परफेक्ट' हे मराठी घरातून आलेल्या खेळाडूने इंग्रजीत लिहिलेले, आत्मपरीक्षणाच्या दृष्टीने मोलाचे आत्मकथन आहे. त्यातील टीका स्वतःपासून आरंभ करते, कारणे देते आणि अपयशाला अर्थ देते. त्यांच्या समालोचनात हे तिन्ही गुण जेथे आढळतात तेथे ते पटो वा न पटो, विचाराला चालना देते. जेथे ते सुटतात तेथे स्पष्टोक्तीचे रूपांतर शेऱ्यात होते. जडेजांविषयीचे विधान आणि भोगले यांना दिलेले उत्तर ही अशा घसरणीची उदाहरणे होत. दोन्ही वेळा त्यांनी चूक मान्य केली, हेही त्याच आत्मपरीक्षक वृत्तीचे द्योतक मानावे लागेल.

त्याचबरोबर, टीकाकाराच्या चुकांचा हिशेब मागण्याचा अधिकार वाचकाचा, श्रोत्याचा आणि ज्याच्यावर टीका झाली त्याचा आहे. नेमणूकपत्र हातात असलेल्याचा तो असू नये. आपण अध्यापक उत्तरपत्रिकेच्या कडेला, प्रबंधाच्या अहवालात आणि सहकाऱ्याच्या कामाविषयी रोज शेरे लिहितो. त्या शेऱ्यामागे कारण आहे काय, तोच निकष आपण स्वतःच्या अध्यापनाला लावला आहे काय, आणि आपल्याविषयी कोणी तसाच शेरा लिहिला तर आपण त्याचे मत खोडून काढू की त्याची तासिका काढून घेऊ, हे प्रश्न मांजरेकरांच्या निमित्ताने आपण स्वतःला विचारले पाहिजेत.